कॉर्नेलचं भांडण आणि दाभोळचं जहाज

नाचणगावच्या उत्तरेला विरूळजवळून समृद्धी महामार्ग जातो आणि त्याच्या कडेने जमिनीखालून ‘गेल’ या सरकारी कंपनीची मुंबई–नागपूर–झारसुगुडा वायुवाहिनी. महामार्गाबद्दल गावात सगळेच बोलतात. मला कुतूहल आहे ते वाहिनीतला गॅस मुळात कुठून निघतो याचं. सिलिंडरमधला नव्हे, तो प्रोपेन-ब्युटेन. हा मिथेन, गोबरगॅसमध्ये असतो तोच.

आपल्या पायाखालचा म्हणावा, तर 2003 च्या दुसऱ्या लिलावफेरीत कोळशाच्या थरांतल्या मिथेनसाठी ‘वर्धा’ नावाचा ब्लॉक ओएनजीसीला मिळाला होता. पुढे तो सोडून देण्यात आला, आणि त्यात सांगण्यासारखं फारसं काही नाही. सांगण्यासारखं घडलं ते दाभोळला. मार्च 2018 च्या अखेरीस लुइझियानातल्या साबीन पासहून निघालेलं ‘मेरिडियन स्पिरिट’ हे जहाज तिथे लागलं. गेलच्या दीर्घ करारातला हा पहिला अमेरिकी एलएनजी, म्हणजे द्रवरूप नैसर्गिक वायू. अमेरिकेला गॅस निर्यात करण्याइतकी सुबत्ता फ्रॅकिंगने, म्हणजे खडकाला तडे पाडून गॅस काढण्याच्या तंत्राने दिली. म्हणजे एन्रॉन कंपनीच्या वीजप्रकल्पाने गाजलेल्या दाभोळात फ्रॅकिंगचा गॅस उतरला, आणि वर्तमानपत्रांनी त्याला स्वच्छ इंधन म्हटलं.

तो स्वच्छ आहे का, यावरून न्यूयॉर्क राज्यातल्या कॉर्नेल विद्यापीठात एकाच आवारातल्या प्राध्यापकांची जुंपली होती. वर्षानुवर्षं मी या भांडणाचे कागद जमवतो आहे. एप्रिल 2011 मध्ये परिसरशास्त्रज्ञ रॉबर्ट हॉवर्थ, रेनी सँटोरो आणि अँथनी इंग्राफिया यांचा निबंध ‘क्लायमॅटिक चेंज’मध्ये आला. फ्रॅकिंगने काढलेल्या शेल गॅसच्या विहिरीतून तिच्या आयुष्यात निघणाऱ्या मिथेनपैकी 3.6 ते 7.9 टक्के हवेत निसटतो, आणि वीस वर्षांच्या मापाने पाहिलं तर हा गॅस कोळशापेक्षाही वाईट ठरतो, असं त्यांचं म्हणणं.

त्याच विद्यापीठातले भूशास्त्रज्ञ लॉरेन्स कॅथल्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2012 मध्ये त्याच नियतकालिकात उत्तर दिलं. गळतीचे आकडे फुगवलेले आहेत. विहीर सुरू करताना बाहेर येणारा गॅस कंपन्या सगळा मोकळा सोडत नाहीत, जाळतात किंवा पकडतात. तुलना करायची तर विजेच्या युनिटशी करा, नुसत्या उष्णतेशी नको. आणि माप शंभर वर्षांचं घ्या. हॉवर्थ गप्प बसणारे नव्हते. अमेरिकेत बराचसा गॅस वीज करायला नव्हे, घरं नि पाणी तापवायला जातो, हे त्यांनी सुनावलं.

वर्षांचा हा वाद कीस काढण्यासारखा वाटेल, पण सगळं त्यावरच अडलं आहे. मिथेन हवेत सुमारे बारा वर्षं टिकतो, कार्बन डायऑक्साइड शतकानुशतकं. ‘आयपीसीसी’ या हवामानबदलावरच्या आंतरराष्ट्रीय समितीच्या ताज्या अहवालानुसार खनिज मिथेन वीस वर्षांत कार्बन डायऑक्साइडच्या 82.5 पट तापवतो, शंभर वर्षांत 29.8 पट. माप निवडलं की निकाल लागला.

या मंडळींत मला सर्वांत रंजक वाटतात ते इंग्राफिया. ते पर्यावरणवाले नव्हेत, स्थापत्य अभियंते. खडकाला तडा कसा जातो आणि कुठवर पसरतो, हे संगणकावर मांडण्यात त्यांची हयात गेली. श्लुंबर्झेसारख्या तेलसेवा कंपनीसाठीही त्यांनी काम केलं. म्हणजे फ्रॅकिंगचं शास्त्र घडवणाऱ्यांपैकीच एक. त्यामुळे ते बोट ठेवतात ते तड्यावर नाही, केसिंगवर. आपल्याकडे बोअर मारल्यावर केसिंग नीट बसलं नाही तर वरचं गढूळ पाणी आत उतरतं. तिकडे उलटं, पोलादी नळ आणि खडक यांमधलं सिमेंट आकसलं किंवा तडकलं की त्या फटीतून गॅस वर चढतो. 2014 मध्ये त्यांच्या गटाने पेनसिल्व्हेनियातल्या 41,381 विहिरींच्या सरकारी तपासणीनोंदी चाळल्या. साध्या विहिरींच्या तुलनेत शेल गॅसच्या विहिरींत सिमेंट-केसिंगचे दोष सहापट आढळले. कंटाळवाण्या सरकारी नोंदींमधून काढलेला हा निष्कर्ष मला 2011 च्या गाजलेल्या निबंधाहून भक्कम वाटतो.

कारण त्या निबंधातली विहिरींची आकडेवारी खरोखरच तुटपुंजी होती. इथे कॅथल्स बरोबर होते. पुढे विमानं, उपग्रह, मोजमापं आली. कोळशाच्या विजेपेक्षा गॅसची वीज पहिल्या दिवसापासून बरी ठरायची तर गळती 3.2 टक्क्यांखाली हवी, असं 2012 चं एक गणित सांगतं. 2018 मध्ये ‘सायन्स’मधल्या अभ्यासाने अमेरिकेची सरासरी 2.3 टक्के काढली. रेषेच्या आत, पण सरकारी अंदाजाहून 60 टक्क्यांनी जास्त. आणि टेक्सास-न्यू मेक्सिकोतल्या पर्मियन खोऱ्यावर 2020 मध्ये उपग्रहाने दाखवले 3.7.

हे सगळे हिशेब अमेरिकेत जाळलेल्या गॅसचे. दाभोळला येणारा गॅस उणे 162 अंशांपर्यंत थंड करून द्रवरूप करावा लागतो, समुद्र ओलांडावा लागतो, वाटेत थोडा उकळत राहतो. हॉवर्थनी 2024 मध्ये हा प्रवास धरून गणित मांडलं: वीस वर्षांच्या मापाने अमेरिकी एलएनजी कोळशापेक्षा 33 टक्क्यांनी वाईट. टीका पुन्हा झाली, मुद्देही ओळखीचेच. पण ही गळती भारताच्या उत्सर्जनाच्या नोंदीत येतच नाही, कारण देशाचा हिशेब देशाच्या सीमेत संपतो. विहिरीपाशी निसटलेला गॅस अमेरिकेच्या खात्यात, आणि ते खातं कमी भरलेलं असतं हे वर आलंच. 2021 च्या जागतिक मिथेन प्रतिज्ञेवर भारताने सही केली नाही, ती गुरं आणि भातशेतीच्या काळजीने. ती काळजी मला रास्त वाटते. आयात गॅसबद्दल मात्र आपल्याकडे कुणी भांडलेलंही नाही.

अमेरिकेत मात्र जानेवारी 2024 मध्ये बायडेन सरकारने नव्या एलएनजी निर्यात परवानग्या थांबवल्या. ट्रम्प यांनी जानेवारी 2025 मध्ये येताच ती स्थगिती उठवली. गेलच्या साबीन पास कराराला यातल्या कशाचीच झळ लागली नाही. तो 2011 मध्ये झाला आणि गॅस यायला लागल्यापासून वीस वर्षांचा आहे.