शीव ओलांडली म्हणून वर्षे पुसू नयेत

दर्यापूर तालुका अमरावती जिल्ह्यात, मूर्तिजापूर अकोल्यात. दोघांच्या शिवा एकमेकींना लागून आहेत. दोन्हीकडे कपाशी आणि तूर, तीच वऱ्हाडी बोली, जिल्हा परिषदेच्या शाळांत तोच अभ्यासक्रम आणि तीच वेतनश्रेणी. तरीही दर्यापुरात पंधरा वर्षे शिकवलेला शिक्षक पती-पत्नी एकत्रीकरणासाठी आंतरजिल्हा बदली घेऊन मूर्तिजापुरात आला, की अकोला जिल्हा परिषदेच्या सेवाज्येष्ठता यादीत त्याचे नाव सर्वांत खाली लागते. पगार कमी होत नाही, पण मुख्याध्यापकपदाच्या रांगेत कालपरवा रुजू झालेला तरुण त्याच्या पुढे उभा असतो. या नियमात न्याय्य काय आणि अन्याय्य काय, हे वेगळे करून पाहिले पाहिजे.

नियमामागे कारण आहे. १९६१ च्या अधिनियमानुसार १ मे १९६२ रोजी जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्या आणि त्यांच्या शाळांतले शिक्षक जिल्हा सेवेचे कर्मचारी ठरले. त्यांचा संवर्ग जिल्ह्यापुरता असतो आणि ज्येष्ठता मोजली जाते ती त्या संवर्गातल्या सलग सेवेवर. नियमानुसार नेमणूक झाली असेल तर ही मोजणी नेमणुकीच्या तारखेपासून करायची, सेवेत कायम झाल्याच्या तारखेपासून नव्हे, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९० साली महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांच्या प्रकरणात सांगितले. खासगी अनुदानित शाळांत हिशेब वेगळा आहे. तिथे १९८१ च्या सेवाशर्ती नियमावलीतली अनुसूची ‘फ’ लागू होते आणि एका व्यवस्थापनाच्या अनेक शाळा असतील, तर मुख्याध्यापक त्या सर्व शाळांतल्या शिक्षकांतून ज्येष्ठतेने निवडला जातो. पंजाबराव देशमुखांनी अमरावतीत उभ्या केलेल्या श्री शिवाजी शिक्षण संस्थेसारख्या, वऱ्हाडभर शाळा असलेल्या संस्थेत जिल्ह्याची शीव ज्येष्ठतेच्या आड येत नाही. म्हणजे ज्येष्ठता शिक्षकाच्या अंगी चिकटलेली नसते. ज्या आस्थापनेच्या यादीत तो बसतो, त्या आस्थापनेची ती असते.

म्हणूनच अकोल्यातल्या शिक्षकांचा आक्षेप मला खरा वाटतो. ते वर्षानुवर्षे पदोन्नतीची वाट पाहत असतात. बाहेरून आलेल्याला थेट त्यांच्या वर बसवले, तर त्यांची काही चूक नसताना त्यांची संधी लांबते. बदली मागणाऱ्याने ती स्वखुशीने मागितलेली असते आणि बहुधा ज्येष्ठता सोडण्याची अट मान्य करूनच. स्वतःच्या विनंतीवरून बदली झालेला कर्मचारी नव्या आस्थापनेत कनिष्ठ ठरतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये केरळच्या सुधाकरन प्रकरणातही मान्य केले. रांगेतली जागा जाणे हा अन्याय नाही.

अन्याय सुरू होतो तो त्यापुढे, जेव्हा जागेबरोबर वर्षेही गेली असे धरले जाते. जागा आणि अनुभव या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ज्येष्ठता म्हणजे इतरांच्या तुलनेतला क्रम. अनुभव म्हणजे त्या माणसाने प्रत्यक्ष केलेले काम, आणि ते कुणाच्या तुलनेवर अवलंबून नसते. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांबाबत १९९० च्या दशकात हाच प्रश्न पोन्नप्पन प्रकरणात आला होता. विनंती बदलीने ज्येष्ठता गेली तरी पदोन्नतीच्या पात्रतेसाठी लागणाऱ्या सेवेत आधीची वर्षे धरावी लागतात, असे सर्वोच्च न्यायालयाने तेव्हा स्पष्ट केले. शिक्षक पात्रता परीक्षेबाबतचा (टीईटी) सर्वोच्च न्यायालयाचा १ सप्टेंबर २०२५ चा निकालही पदोन्नतीसाठी ही परीक्षा उत्तीर्ण होणे आवश्यक ठरवतो, मग शिक्षक यादीत कितीही वर असो. क्रम आणि पात्रता यांची तपासणी स्वतंत्र असते, हे यातूनही दिसते.

वऱ्हाडाचा स्वतःचा इतिहासही हेच सांगतो. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हा प्रदेश मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात आला. राज्य पुनर्रचना कायद्याच्या कलम ११५ ने राज्य कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींना संरक्षण दिले. पदांचे स्वरूप, जबाबदारी, किमान पात्रता आणि वेतन पाहून समकक्ष पदे ठरली आणि एकत्रित ज्येष्ठता याद्या झाल्या. ती पुनर्रचना लादलेली होती, बदली मागितलेली असते, असे कुणी म्हणेल. तो फरक मला मान्य आहे आणि म्हणूनच मी ज्येष्ठतेचे तेवढेच संरक्षण मागत नाही. मात्र, दुसऱ्या राज्यात केलेली सेवा ओळखता येत असेल, तर शेजारच्या जिल्ह्यातली ओळखता येणार नाही, हे पटत नाही.

यासाठी नवे पद लागत नाही की मोठा खर्च. पदोन्नतीच्या प्रत्येक पदाच्या नियमांत, आंतरजिल्हा बदलीपूर्वीची सेवा पात्रतेसाठी धरावी, असे निःसंदिग्ध वाक्य हवे. सेवाज्येष्ठता यादीत मूळ नेमणुकीची आणि या जिल्ह्यात रुजू झाल्याची, अशा दोन्ही तारखा शेजारी छापाव्यात. यादी दरवर्षी प्रारूप स्वरूपात केंद्रशाळांपर्यंत पोहोचवून हरकतींसाठी पुरेसा वेळ द्यावा. मेळघाटातल्या धारणी-चिखलदऱ्याच्या शिक्षकाला कागद गोळा करून अमरावती गाठणे सोपे नाही, हे ती मुदत ठरवताना लक्षात घ्यावे. कामाचा बोजा वाढेल, असे आस्थापना शाखा म्हणेल; पण आजची चुकीची यादी उद्या वर्षानुवर्षांचा खटला होते आणि तोवर शाळा प्रभारी मुख्याध्यापकावर चालते. अकोल्यातल्या शिक्षकाची जागा त्याच्याकडेच राहावी आणि मेळघाटातून आलेल्याची वर्षे त्याच्या नावावर राहावीत. या दोन्ही गोष्टी एकाच यादीत बसू शकतात. यादी करणाऱ्यांनी दोन्ही रकाने भरायचे ठरवले पाहिजे.