एका वगारीमागचा हिशोब

सकाळी कत्तलखान्यातून थर्मास येतो. आत कोमट सलाइन आणि त्यात म्हशींची अंडाशयं, एकेक साधारण सुपारीएवढं. उत्तर भारतातल्या एका प्रयोगशाळेत क्लोनिंगचं काम मला जवळून पाहायला मिळालं. तिथला दिवस या थर्मासपासून सुरू होतो. अंडाशयं पुन्हा पुन्हा धुतात. मग त्यांच्यावर दिसणाऱ्या पाणीदार फोडांत सिरिंजची सुई घालून आतला द्रव ओढून घ्यायचा, तो डिशमध्ये सोडायचा आणि सूक्ष्मदर्शकाखाली बीजांडं शोधत बसायचं. गाईच्या मानाने म्हशीच्या अंडाशयात ती कमीच सापडतात. भोवती पेशींचं दाट आवरण असलेली निवडून घेतात, उघडी पडलेली टाकून देतात. निवडलेली 38.5 अंश सेल्सिअसच्या इन्क्युबेटरमध्ये साधारण एक दिवस ठेवली की पक्व होतात.

ज्या जनावराची प्रतिकृती हवी, त्याच्या कानाचा किंवा शेपटीखालच्या कातडीचा बारीक तुकडा आधीच घेतलेला असतो. त्यातल्या पेशी वाढवून द्रवरूप नायट्रोजनमध्ये उणे 196 अंशांवर ठेवतात. जनावर मेलं तरी पेशी राहतात.

कसबाचं काम दुसऱ्या दिवशी. जगातल्या बऱ्याच प्रयोगशाळांत बीजांड एका काचनळीने धरून दुसरीने त्यातलं केंद्रकद्रव्य शोषून घेतात आणि त्यासाठी मायक्रोमॅनिप्युलेटर हे महागडं यंत्र वापरतात. इथे तेच हाताने करतात. आधी बीजांडाचं बाहेरचं कवच विकराने विरघळवायचं. केंद्रकद्रव्य जिथे असतं तिथे बीजांडाला औषधाच्या परिणामाने इवलासा उंचवटा येतो. तेवढा उंचवटा पात्याने छाटून टाकायचा. अख्ख्या बीजांडाचा व्यासच मिलिमीटरचा जेमतेम आठवा भाग. त्यातला कडेचा भाग कापायचा आणि बाकीचं शाबूत ठेवायचं.

सूक्ष्मदर्शकापाशी बसलेल्या संशोधक मुलीने दोन्ही कोपरं टेबलाला घट्ट टेकवली होती. पातं खाली येताना तिचा श्वास थांबायचा आणि कापलं गेलं की सुटायचा. पातं वरून सरळ दाबायचं असतं. ते जरा आडवं घसरलं की बीजांड फुटतं आणि द्रवात दाणेदार धुरळा पसरतो. तसं झालं की ती काही न बोलता पुढच्या बीजांडाकडे वळायची. कुणी दार उघडलं तरी हात थांबायचा. हे कसब हातात बसायला किती सराव लागत असेल, हे तिच्याकडे पाहूनच कळत होतं. त्या शांत, नेमक्या हाताबद्दल मला मनापासून आदर वाटतो; पुढे जे लिहिणार आहे त्याने तो कमी होत नाही.

केंद्रकद्रव्य काढलेली दोन बीजांडं घ्यायची आणि त्यांच्या मधोमध त्या जनावराची एक पेशी बसवायची. ती चिकटावी म्हणून राजम्यापासून मिळणारं एक प्रथिन वापरतात. मग दोन तारांच्या मध्ये ठेवून सेकंदाच्या लाखाव्या हिश्श्यांत मोजावा असा विजेचा हलका झटका. काही वेळाने पाहिलं तर तिघांच्या कडा विरघळून एकच गोल झालेला असतो, निदान जिथे जमलं तिथे. फलन झाल्यासारखं वाटून त्याचं विभाजन सुरू व्हावं म्हणून रसायनं देतात, आणि पुन्हा इन्क्युबेटर. सातव्या-आठव्या दिवशी पोकळ, गर्भाशयात ठेवण्याजोगा भ्रूण तयार होतो. सगळे तिथवर पोचत नाहीत. कुणी चार पेशींवर थांबतो, कुणी आठवर.

बातमीत फोटो या खोलीचा येतो. गोठ्याचा येत नाही, आणि माझ्या मते या विषयातला खरा प्रश्न गोठ्यात आहे.

भ्रूण ज्या म्हशीत ठेवायचा तिचा माज भ्रूणाच्या वयाशी जुळलेला असावा लागतो. ती लोखंडी खोड्यात उभी, शेपटी बाजूला बांधलेली. पशुवैद्य एक हात गुदद्वारातून आत घालून गर्भाशय चाचपतो आणि दुसऱ्या हाताने लांब नळी योनिमार्गातून आत सरकवतो. काम काही मिनिटांचंच. म्हैस पाय आपटते, मग उभी राहते. गर्भ राहिला तर पुढे दहा महिने. अनेकींना तो राहत नाही. राहिला तरी काही मध्येच गाभडतात. क्लोन केलेल्या गर्भात वारेचे दोष जास्त आढळतात. गाईगुरांत तर रेडकू किंवा वासरू पोटात वाजवीपेक्षा मोठं होणं, विताना अडणं, जन्मल्यावर फुप्फुसं नीट न चालणं हे जगभर नोंदलं गेलं आहे. मुरलेल्या पेशीला पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करायला लावली की जनुकांवरच्या साऱ्या जुन्या खुणा पुसल्या जातातच असं नाही. बिघाड तिथून येतो.

कर्नालच्या राष्ट्रीय डेअरी संशोधन संस्थेत 6 फेब्रुवारी 2009 रोजी याच हाताच्या पद्धतीने ‘समरूपा’ जन्मली आणि आठवड्याच्या आत न्यूमोनियाने गेली. त्याच वर्षी जूनमध्ये आलेली ‘गरिमा’ सुमारे दोन वर्षं जगली. 2010 सालची ‘गरिमा-2’ मात्र मोठी झाली, आणि जानेवारी 2013 मध्ये तिला ‘महिमा’ झाली. मार्च 2023 मध्ये गीर गाईची प्रतिकृती ‘गंगा’ आली. भारतीय शास्त्रज्ञांनी स्वस्त साधनांवर मिळवलेलं हे यश अस्सल आहे. स्कॉटलंडच्या रोझलिन संस्थेतली डॉली मेंढी 5 जुलै 1996 रोजी जन्मली, तेव्हा जोडलेल्या पेशी होत्या 277, त्यातून गर्भाशयात ठेवण्याजोगे भ्रूण 29, ते वाहणाऱ्या मेंढ्या 13 आणि कोकरू एक. तंत्र तेव्हापासून सुधारलं आहे, पण शेवटचा आकडा अजूनही पहिल्या आकड्यापेक्षा फार लहान असतो.

मग हे करायचं कशाला? दुधाळ म्हशीपेक्षा इथे महत्त्व रेड्याला आहे. उत्तम वळूच्या किंवा रेड्याच्या वीर्याच्या हजारो कांड्या भरता येतात आणि त्या गावोगाव कृत्रिम रेतनाला जातात. पारखलेला रेडा म्हातारा झाला की ती परंपरा संपते. त्याची प्रतिकृती मिळाली तर पुढे चालते. हे कारण मला पटतं, पण मर्यादित अर्थाने. मोजक्याच नरांची प्रतिकृती काढत राहिलो तर कळपातली विविधता आटत जाईल, आणि एखादी साथ एका जनावराला लागली की सगळ्यांना लागेल. पंढरपुरी म्हैस तिच्या मुलखात टिकली ती असंख्य शेतकऱ्यांच्या दावणीला वेगवेगळं रक्त टिकलं म्हणून.

वन्यजीव वाचवण्याचं कारण मात्र मला फसवं वाटतं. छत्तीसगडच्या उदंती अभयारण्यातल्या ‘आशा’ या रानम्हशीच्या पेशीपासून डिसेंबर 2014 मध्ये कर्नालला ‘दीपाशा’ जन्मली. बीजांड पाळीव म्हशीचं, वाढवणारं पोटही पाळीव म्हशीचं. बीजांडाच्या द्रवात मायटोकाँड्रिया असतात आणि त्यांची स्वतःची 37 जनुकं असतात. म्हणजे हाडामांसाची प्रतिकृतीसुद्धा शंभर टक्के नसते. तिचं रूप पाहून ती रानम्हैस की मुऱ्हा जातीची पाळीव म्हैस, असे प्रश्न उघडपणे विचारले गेले. ती रानात कधी गेलीच नाही. छत्तीसगडला नेल्यावरही तिच्या वाट्याला कुंपणच आलं. आपल्या गडचिरोलीतही सिरोंचा भागात कोलामार्का इथे रानम्हशी उरल्या आहेत. त्यांना गवताळ कुरणं, पाणी आणि गावच्या गुरांच्या रोगांपासून बचाव हवा. यातलं काहीच बशीत वाढत नाही.

माणसाच्या क्लोनिंगचा वाद बहुतेकदा आत्मा, देव, कुटुंब अशा मोठ्या शब्दांत अडकतो. गोठा पाहिल्यावर मला त्या शब्दांची गरज उरली नाही. म्हशीची अंडाशयं थर्मासमधून येतात, बाईची येऊ शकत नाहीत. त्यासाठी तिला संप्रेरकांची इंजेक्शनं घ्यावी लागतात, भूल घ्यावी लागते, सुई टोचून घ्यावी लागते. दक्षिण कोरियात ह्वांग वू-सुक यांनी क्लोन केलेल्या मानवी भ्रूणातून मूलपेशी काढल्याचा दावा 2004 आणि 2005 साली केला. तो खोटा निघाला, आणि त्यासाठी बायकांच्या शरीरातून 2 हजारांहून अधिक बीजांडं काढली गेली होती हेही उघड झालं. बीजांडं देणाऱ्यांत त्यांच्याच प्रयोगशाळेतल्या कनिष्ठ संशोधक मुली होत्या. साहेबांना नाही कसं म्हणणार? क्लोनिंगमधल्या नीतीचा सगळ्यात बोचरा प्रश्न मला हाच वाटतो.

आणि त्यानंतर मूल. माणसाला सगळ्यात जवळचं उदाहरण माकडांचं. शांघायच्या शास्त्रज्ञांनी 2018 साली ‘चोंग चोंग’ आणि ‘हुआ हुआ’ जगासमोर आणली. ती गर्भातल्या पेशींपासून झालेली. प्रौढ पेशींपासून केलेल्या प्रयत्नात 42 माद्यांमध्ये 181 भ्रूण ठेवले, 22 माद्या गाभण राहिल्या, दोन पिल्लं जन्मली आणि दोन्ही लगेच गेली. 42च्या जागी बायका आणि दोन पिल्लांच्या जागी बाळं ठेवून पाहा. मेलेलं मूल परत मिळेल या आशेने कुणी हे मागेल, त्याचं दुःख मी समजू शकतो. पण तसं जन्मलेलं बाळ वेगळं माणूस असेल आणि दुसऱ्याच्या आठवणींचं ओझं घेऊन वाढेल. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या 2017च्या मार्गदर्शक तत्त्वांनी मूल जन्माला घालण्यासाठीच्या क्लोनिंगला मनाई केली आहे. ती योग्य आहे. उपचारांसाठी रुग्णाच्या स्वतःच्या पेशी हव्या असतील तर शास्त्रज्ञ शिन्या यामानाका यांनी 2006 साली बीजांडाशिवायचा मार्ग दाखवून ठेवला आहेच.

जनावरांचं क्लोनिंग थांबवा, असं मी म्हणणार नाही. पण हे काम सरकारी पैशावर चालतं, आणि म्हशी बोलू शकत नाहीत. म्हणून पुढच्या वेळी पेपरात नवं नाव ठेवलेलं रेडकू दिसलं, तर त्या संस्थेला, आपल्या खासदाराला, बातमी देणाऱ्या वार्ताहराला तीन प्रश्न विचारा: भ्रूण किती म्हशींत ठेवले, गाभडल्या किती, आणि जन्मून मेली किती? जन्माच्या बातमीसोबत ही तीन उत्तरं छापून येईपर्यंत विचारत राहा.