अस्थिर द्रव्यांचे जहाज : रसशाला, बर्फघर आणि गोदी

किमयागाराची प्रयोगशाळा जहाजावर थाटावी, जहाजाच्या कोठारात पारा, गंधक, सोरा व हरताळ भरावा आणि ते भर समुद्रात लोटावे, ही कल्पना अद्भुत कथेला साजेशी आहे. तिच्यातील भय मात्र कल्पित नाही. जे द्रव्य उष्णतेने उडते, वितळते वा पेटते ते बंदिस्त आणि सतत डोलणाऱ्या जागेत कसे सांभाळावे, हा प्रश्न फार जुना आहे. त्याचा विचार रसाचार्यांनी केला, तसाच दर्यावर्दी व्यापाऱ्यांनाही करावा लागला. चेन्नईच्या तिरुवल्लिकेणी भागातील सागरतीरावरची एक वास्तू आणि मुंबईची व्हिक्टोरिया गोदी ही या विचाराच्या यशापयशाची दोन उदाहरणे होत.

भारतीय रसशास्त्राचे मुख्य द्रव्य पारद. तो अग्नीवर ठेवताच उडून जातो, म्हणून त्याला ‘चपल’ म्हटले गेले. पारदावरील अठरा संस्कारांपैकी ‘नियमन’ हा संस्कार ही चपलताच आवरण्यासाठी सांगितला आहे, आणि अग्नीतही टिकून राहणारा ‘अग्निस्थायी’ पारद हे रससिद्धाचे साध्य होते. या साधनेत धोका किती आहे याची जाणीव ग्रंथकारांना होती. ‘रसरत्नसमुच्चय’ या ग्रंथाच्या सातव्या अध्यायात रसशाळेची रचना दिली आहे. अग्निकर्म आग्नेयेस, पाषाणकर्म दक्षिणेस, क्षालन पश्चिमेस, शोषण वायव्येस आणि सिद्ध द्रव्यांचा साठा ईशान्येस, अशी तेथे दिशांची वाटणी आहे. तिच्यामागे दिक्पालांची धार्मिक कल्पना आहे हे उघड आहे. परंतु तिचा व्यावहारिक परिणामही ध्यानात घेण्याजोगा आहे. भट्टी आणि तयार द्रव्यांचे कोठार यांच्यामध्ये तीमुळे अंतर राहते. कोणते द्रव्य कोणाच्या शेजारी असू नये, हा विचार या मांडणीत गृहीत धरलेला आहे.

जहाजावर अशी ऐसपैस वाटणी करता येत नाही. तेथे अंतराचे काम आवेष्टनाला करावे लागते. बोस्टनचा व्यापारी फ्रेडरिक ट्यूडर याने हे तत्त्व बर्फाच्या बाबतीत सिद्ध केले. 1833 च्या मे महिन्यात ‘टस्कनी’ नावाचे जहाज 180 टन बर्फ घेऊन बोस्टनहून निघाले आणि विषुववृत्त दोनदा ओलांडून सप्टेंबरात कलकत्त्यास पोहोचले, तेव्हा सुमारे 100 टन बर्फ शिल्लक होता. या यशामागे कोणतीही गूढ विद्या नव्हती. एक ग्रॅम बर्फ वितळण्यास सुमारे 80 कॅलरी उष्णता लागते, म्हणजे बर्फ स्वतःच पुष्कळसा प्रतिकार करतो. सरोवरातून चौकोनी ठोकळे कापून ते एकमेकांना भिडवून रचले की हवेला उघडा पडणारा पृष्ठभाग कमी होतो, आणि भोवतालच्या लाकडी भुशात अडकलेली हवा बाहेरची उष्णता आत येऊ देत नाही. वितळलेले पाणी मात्र वेळीच काढून टाकणे अगत्याचे असे. भुसा भिजला की त्याचा निरोधक गुण जातो, आणि तळाशी खेळणारे पाणी जहाजाचा तोल बिघडवते.

ट्यूडरच्या कंपनीने 1840 च्या दशकाच्या आरंभी तिरुवल्लिकेणीच्या किनाऱ्यावर बर्फघर बांधले. त्या काळी मद्रासला बंदिस्त बंदर नव्हते. जहाजे दूर नांगर टाकून उभी राहत आणि माल शिवलेल्या फळ्यांच्या मसुला होड्यांतून, उसळत्या लाटांमधून किनाऱ्यावर येई. यंत्राने बर्फ तयार होऊ लागल्यावर हा व्यापार संपला. पुढे ही वास्तू वकील बिळिगिरी अय्यंगार यांच्याकडे आली. 1897 च्या फेब्रुवारीत स्वामी विवेकानंदांचा मुक्काम येथेच होता. 1963 मध्ये तिला विवेकानंदांचे नाव मिळाले. तरीही आसपासच्या वस्तीला लोक आजही ‘आइस हाउस’च म्हणतात.

मुंबईस घडले ते याच्या नेमके उलट. ‘फोर्ट स्टिकिन’ हे जहाज 1944 च्या एप्रिलमध्ये सुमारे 1,400 टन दारूगोळा घेऊन मुंबईस आले. वाटेत कराचीस त्यावर कापसाचे हजारो गठ्ठे आणि वंगणतेल चढविण्यात आले होते. क्रमांक दोनच्या कोठारात खाली कापूस आणि वर स्फोटके अशी रचना होती. 14 एप्रिलच्या दुपारी त्या कोठारातून धूर निघू लागला. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला स्फोट झाला आणि सुमारे अर्ध्या तासाने दुसरा. गोदी उद्ध्वस्त झाली, मांडवी परिसरात आगी भडकल्या, शेकडो माणसे मेली, हजारो बेघर झाली. आग विझविण्यास गेलेले 66 अग्निशामक कामावरच मृत्यू पावले. त्यांच्या स्मरणार्थ 14 एप्रिल हा देशभर अग्निशमन सेवा दिन म्हणून पाळला जातो.

चौकशीत जे दोष दाखविले गेले त्यांत रसायनशास्त्रातील अज्ञानाचा एकही नव्हता. स्फोटकांखाली कापूस ठेवला गेला, धोक्याचा तांबडा बावटा लावला नव्हता, स्फोटके उतरविण्यास विलंब झाला आणि अग्निशमन दलाला वर्दी उशिरा गेली. कापूस पेट घेतो हे घरातील वात वळणाऱ्या आजीलाही ठाऊक असते.

या तिन्ही उदाहरणांतून एक गोष्ट स्पष्ट होते. द्रव्याची अस्थिरता हा त्याचा स्वभाव आहे. त्या स्वभावाचे संकटात रूपांतर होते ते मुख्यतः शेजारामुळे आणि मौनामुळे. रसाचार्यांनी शेजाराचा विचार दिशांच्या भाषेत मांडला, बर्फाच्या व्यापाऱ्याने तो भुशाच्या थरांत उतरविला. व्हिक्टोरिया गोदीत तो कोणी केला नाही, आणि बावट्याच्या अभावी पाण्याचा नळ हाती धरून जहाजावर चढलेल्यांना आपण कशावर उभे आहोत हे सांगणारी खूणही मिळाली नाही.