तांब्याचे कवच आणि जस्ताचा तुकडा

आरमार म्हटले की बहुतेकांना तोफा आणि पाणतीर आठवतात. पण वर्षानुवर्षे लढाई झाली नाही तरी युद्धनौकेला एका शत्रूशी अहोरात्र झुंजावे लागते, आणि तो शत्रू म्हणजे खारे पाणी. या झुंजीतली एक जुनी हकीकत आम्ही येथे सांगणार आहो. कारण तिच्यातून जो पेच निघाला, तोच आजही आरमारी प्रयोगशाळांपुढे आहे.

कोकणच्या बंदरात होड्या किनाऱ्यावर ओढून त्यांचे बूड खरवडताना ज्यांनी पाहिले असेल, त्यांना लाकडी जहाजाची दुखणी वेगळी सांगावयास नकोत. पाण्यातला किडा लाकूड पोखरतो. शेवाळ आणि कवचधारी जीव बुडाला चिकटून जहाजाची चाल मारतात. इंग्रजी आरमाराने १७६१ साली ‘अलार्म’ या जहाजाच्या बुडाला तांब्याचे पत्रे ठोकून पाहिले. दोन्ही दुखणी आटोक्यात आली. मात्र वेस्ट इंडीजची फेरी करून आलेले ते जहाज १७६३ साली तपासले, तेव्हा तांबे शाबूत आणि लोखंडी खिळे कुजलेले, असा प्रकार दिसला. गंमत अशी की काही खिळे चांगले राहिले होते. पत्रे ज्या कागदात गुंडाळून आले, तो कागद त्या ठिकाणी काढावयाचा राहून गेला होता! लोखंडाला तांब्याचा स्पर्श झाला नाही, म्हणून ते वाचले.

याचे कारण पुढे व्होल्टाच्या विद्युत्घटामुळे कळले. दोन भिन्न धातू एकमेकींना टेकून खाऱ्या पाण्यात राहिल्या की त्यांचा घट बनतो. त्यांतली अधिक क्रियाशील धातू झिजते आणि दुसरी सुरक्षित राहते. लोखंड आणि तांबे यांच्या जोडीत झिजण्याची पाळी लोखंडाची.

जहाजांना कांशाचे व तांब्याचे खिळे आले, तरी समुद्र तांबेही हळूहळू खातच होता. हा खर्च आवरण्याचा उपाय आरमाराने १८२३ साली हंफ्री डेव्हीला विचारला. डेव्हीने घटाचाच नियम उलटा वापरला. तांब्यापेक्षा क्रियाशील धातू शेजारी ठेवावी, म्हणजे ती झिजेल आणि तांबे राहील. वाटाण्याएवढा जस्ताचा तुकडा चाळीस-पन्नास चौरस इंच तांब्याला पुरतो, असे त्याला आढळले. १८२४ साली हा निष्कर्ष त्याने रॉयल सोसायटीपुढे मांडला. प्रत्यक्ष जहाजावरचा एक प्रयोग ‘समरंग’वर झाला. हे जहाज आपल्या कोचीनला बांधलेले, १८२२ साली पाण्यात उतरलेले. त्याला लोखंडाचे ठोकळे जोडून नोव्हा स्कोशियाकडे धाडले.

तांबे वाचले. परंतु अशा संरक्षित जहाजांच्या बुडावर शेवाळ आणि शिंपल्यांचे रान माजू लागले. तांबे किंचित विरघळते आणि त्याचे ते विषच चिकटणाऱ्या जीवांना दूर ठेवते. झीज थांबली आणि विषही थांबले. १८२५ साली आरमाराने ही योजना मागे घेतली. डेव्हीची फजिती झाली, असे पुष्कळ लिहिले गेले आहे. आम्हांस तसे वाटत नाही. त्याला तांबे राखण्याचा प्रश्न घातला होता, आणि त्याचे उत्तर अचूक होते. जहाजाला तांबे झिजूनच उपयोगी पडते, हे विचारणाऱ्यांच्याही ध्यानात नव्हते.

पोलादी जहाजे आल्यावर डेव्हीचे दिवस पुन्हा आले. पोलादाला जस्ताचे ठोकळे जोडतात, किंवा बाहेरून वीज पुरवून तेच काम करून घेतात. जीवांसाठी तांब्याच्या भस्माचा विषारी रंग फासतात. मध्यंतरी कथिलाच्या एका सेंद्रिय संयुगाचे रंग फार गाजले. पण त्यांनी फ्रान्सच्या किनाऱ्यावरची कालवे विद्रूप केली. तेथे १९८२ साली त्यांवर निर्बंध आले आणि २००८ पासून आंतरराष्ट्रीय करारानेच ते जहाजांवर निषिद्ध झाले.

युद्धनौकेची अडचण आणखी निराळी. गंज रोखणारा प्रवाह भोवतीच्या पाण्यात विद्युत्क्षेत्र उभे करतो. पंख्याचा आस फिरताना तो त्या लयीत कमी-जास्त होतो, आणि ही खूण पाण्याखालचा सुरुंग ओळखू शकतो. म्हणून फिरत्या आसाला ब्रश टेकवून तो बुडाशी नीट जोडून घ्यावा लागतो. जहाज गंजापासून वाचवावे तर ते शत्रूला सापडते, असा हा प्रकार!

आपल्या आरमारासाठी हे काम १९५३ साली मुंबईच्या नौदल गोदीतील रासायनिक व धातुशास्त्रीय प्रयोगशाळेत सुरू झाले. तिचीच वाढ होऊन आज अंबरनाथची नौदल सामग्री संशोधन प्रयोगशाळा उभी आहे. विषाऐवजी गुळगुळीतपणावर भिस्त ठेवणारे सिलिकोनचे रंग आता जगभर वापरात आले आहेत. जहाज वेगाने चालले की चिकटलेले जीव त्यांवरून निसटतात. व्यापारी जहाज सदा चालते, त्याला ते सोयीचे. युद्धनौका पुष्कळदा धक्क्याला बांधून असते, आणि आपले समुद्र उष्ण. तेथे जीवांची वाढही बारमाही. म्हणून नवा रंग पत्र्यांवर चढवून ते पत्रे बंदराच्या पाण्यात महिनोन्महिने टांगून ठेवतात, आणि ठरल्या दिवशी वर ओढून कोणत्या पत्र्यावर किती शिंपले बसले ते मोजतात.