तोकाइदो योत्सुया काइदान
अपराधभावना व सूड या विषयांवरील प्रसिद्ध जपानी भयपट (१९५९). दिग्दर्शक नोबुओ नाकागावा (१९०५–८४). निर्मिती शिन्तोहो या संस्थेची. चौथा त्सुरुया नाम्बोकू (१७५५–१८२९) याच्या, १८२५ मध्ये एदो (विद्यमान टोकिओ) येथे रंगभूमीवर आलेल्या काबुकी नाटकावर तो आधारित आहे. इएमोन हा निर्धन, निराश्रित सामुराई ओइवाच्या पित्याचा खून करतो व ते कृत्य लपवून तिच्याशी विवाह करतो. पुढे धनिक घराण्यातील मुलीशी लग्न करता यावे, म्हणून तो ओइवाला विष देतो. विषाने विद्रूप होऊन ती मरण पावते व तिचे शव फळीला खिळवून पाण्यात सोडले जाते. नव्या विवाहाच्या रात्री वधूच्या जागी त्याला ओइवा दिसते आणि त्याच्याच तलवारीने वधूचा बळी जातो. भुताला शस्त्र उचलावे लागत नाही; अपराध्याचे भयग्रस्त मनच सूड पुरा करते, हे कथेचे मर्म होय. शिगेरू आमाची याने इएमोन हा लोभ व पश्चात्ताप यांच्या कात्रीत सापडलेला दुबळा माणूस म्हणून रंगविला, त्यामुळे त्याच्या विनाशाला शोकांतिकेची खोली लाभली. ही कथा सादर करण्यापूर्वी ओइवाच्या देवस्थानी जाऊन प्रार्थना करण्याची प्रथा जपानी कलावंतांत रूढ आहे.