जुन्या पॅडची जबानी

जुनी गाडी, घरचं अंगण : भाग ७

गॅरेजमध्ये ब्रेक पॅड बदलले की नवे पॅड गाडीला लागतात, जुने भंगाराच्या डब्यात जातात आणि आपण बिल भरून निघतो. गेल्या वर्षी मीही तेच केलं होतं. त्यामुळे यंदा आषाढात माझ्या २००६ च्या वॅगन आरचं पुढचं डावं चाक, ब्रेक दाबला की पत्र्यावर खिळा ओढल्यासारखं किंचाळायला लागलं, तेव्हा आधी खरंच वाटेना. पॅड जेमतेम चौदा महिन्यांचे, गाडी फिरलेली अकरा हजार किलोमीटर. रविवारी पावसाने उघडीप दिल्यावर चाक काढलं. आतल्या बाजूचा पॅड पार संपला होता, त्याची लोखंडी पाठ डिस्कवर घासत होती. बाहेरच्या बाजूचा मात्र सहा मिलिमीटर शिल्लक. एकच चाक, एकच डिस्क, एकाच दिवशी बसवलेले दोन पॅड, आणि एवढी तफावत.

हे असं का होतं ते कळायला ब्रेक मुळात काय करतो ते बघावं लागतं. ब्रेक वेगाची उष्णता करतो, बस्स. ताशी ६० किलोमीटरने जाणारी ९०० किलोची गाडी पूर्ण थांबवली की साधारण १२५ किलोज्यूल ऊर्जा उष्णता होऊन बाहेर पडते. तेवढ्यात अडीच कप चहाचं पाणी उकळेल. गावात हे ठीक आहे. पण महाबळेश्वरहून आंबेनळी घाटाने पोलादपूरला उतरा. उंची १२०० मीटरहून जास्त घटते. माणसं-सामान धरून १२०० किलोची गाडी नुसत्या ब्रेकवर उतरवली, तर चाळीस लिटर पाणी उकळण्याइतकी उष्णता तयार होते. आंघोळीच्या दोन बादल्या, त्याही कढत! आणि त्यातला बराच मोठा वाटा पुढच्या दोन चाकांना सोसावा लागतो, कारण ब्रेक लावला की गाडीचा भार पुढे झुकतो. पेट्रोल वाचवायला घाट न्यूट्रलमध्ये उतरणारे लोक मी पाहिले आहेत. वाचलेलं पेट्रोल ते पॅडच्या रूपाने जाळत असतात. आमच्या शेजारचे काका एसटीत बत्तीस वर्षं चालक होते. त्यांचा एकच नियम : ज्या गिअरमध्ये चढलास, त्याच गिअरमध्ये उतर.

घासणारी वस्तू झिजणार, मग ती झिजायलाच बनवलेली आणि सहज बदलता येणारी असावी, ही कल्पना मोटारीइतकीच जुनी आहे. १८८८ च्या ऑगस्टमध्ये बर्था बेंझ नवऱ्याने बनवलेली मोटार घेऊन, दोन मुलांना बरोबर घेऊन, मानहाइमहून फोर्त्सहाइमला निघाली. वाटेत उतारांवर ब्रेकचे लाकडी ठोकळे झिजले, तेव्हा तिने एका मोच्याकडून त्यांवर चामडं ठोकून घेतलं, असं सांगतात. आपण आज अंगणात बसून जे करणार आहोत ते त्याच मोच्याचं काम आहे.

आता कॅलिपर. माझ्या गाडीत आहे तसा, आणि बहुतेक जुन्या छोट्या गाड्यांत असतो तसा कॅलिपर म्हणजे एक विचित्र सांडशी. हिचा एकच जबडा जोर लावतो. ब्रेक दाबला की आतल्या बाजूला असलेला पिस्टन पुढे सरकतो आणि आतला पॅड डिस्कवर दाबतो. डिस्क हलत नाही, म्हणून उलट धक्क्याने अख्खा कॅलिपरच आतल्या बाजूला ओढला जातो आणि त्याच्याबरोबर बाहेरचा पॅड येऊन डिस्कला चिकटतो. हे ओढलं जाणं घडतं दोन बोटभर पिनांवर. पिना ब्रॅकेटच्या भोकांत ग्रीस लावून बसवलेल्या असतात, तोंडाशी रबरी टोप्या असतात. टोपी फाटली की पावसाचं पाणी आत, मग गंज, मग पिन जाम. पिन जाम झाली की पिस्टन आपला पॅड दाबत राहतो, पण कॅलिपर सरकत नाही. बाहेरचा पॅड आरामात, आतला एकटा राबतोय.

माझी खालची पिन हाताने हलेना. टोपीला चीर होती आणि आत ग्रीसच्या जागी काळपट-तांबडा चिखल. ही चीर एका वर्षाची नव्हती. म्हणजे मागच्या वेळी पॅड बदलणाऱ्याने पिना काढून पाहिल्याच नव्हत्या. गॅरेजवाल्याचा मला फार राग आला असं नाही. दहा गाड्या रांगेत असतात, आणि जुने पॅड बघायला मागणारं गिऱ्हाईक शंभरात एक. मीही मागितले नव्हते.

तर कृती. गाडी सपाट जागेवर, पहिल्या गिअरमध्ये, हँडब्रेक ओढलेला. हँडब्रेक मागच्या चाकांवर चालतो, म्हणून पुढचं काम करताना तो लावलेला चालतो. मागच्या चाकांना दगड. चाक जमिनीवर असतानाच नट अर्धा आटा ढिले करा, मग जॅक. जॅकबद्दल गेल्या आठवड्यात सविस्तर लिहिलं आहे, इथे एवढंच : नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली शरीराचा कुठलाही भाग जाता कामा नये. स्टँड लावा, आणि काढलेलं चाक आडवं करून दरवाज्याखालच्या कडेखाली सरकवून ठेवा. एका वेळी एकच बाजू उघडा. कुठली क्लिप कशी होती याचा वाद झाला तर न उघडलेली बाजू साक्षीला असते.

स्टिअरिंग वळवलं की कॅलिपरची पाठ समोर येते. खालचा बोल्ट काढा, माझ्यासारख्या गाड्यांना बारा किंवा चौदाचा पाना लागतो. मग कॅलिपर वरच्या पिनेवर फिरवून वर उचला आणि सुतळीने किंवा तारेने स्प्रिंगला बांधा. तो रबरी होजवर लोंबकळू द्यायचा नाही. होज बाहेरून धडधाकट दिसतो आणि आतून तुटतो. पॅड ब्रॅकेटमधून हाताने निघतात, फार तर एखाद्या टॉमीने हलवावे लागतात. काळी भुकटी फुंकर मारून किंवा हवेच्या पाइपने उडवू नका. जुन्या काळच्या पॅडमध्ये अॅस्बेस्टॉस असायचं आणि अनोळखी पॅडमध्ये काय आहे ते सांगता येत नाही. ओल्या फडक्याने टिपून घ्या, फडकं टाकून द्या.

आणि इथे थांबा. चहा सांगा. चारही पॅड निघाले की (दुसरी बाजू झाल्यावर) ते काढलेल्या क्रमाने वर्तमानपत्रावर मांडायचे, डावा आतला, डावा बाहेरचा, उजवा आतला, उजवा बाहेरचा. चौघांची जाडी सारखी असेल तर ब्रेक निरोगी आहे, नवे पॅड घाला आणि विसरा. आतला संपलेला आणि बाहेरचा शाबूत, तर आधी पिना तपासा, म्हणजे माझी केस. कधी पिस्टनच मागे न फिरल्यानेही असंच दिसतं. पॅड एका टोकाला जाड आणि दुसऱ्याला पातळ, पाचरीसारखा झिजला असेल तर दोनांपैकी एकच पिन अडकली आहे, किंवा पॅडचे कान ब्रॅकेटच्या खाचेत गंजाने धरले आहेत. खाच तारेच्या ब्रशने लख्ख केल्याशिवाय नवा पॅडही तिथेच अडकेल. पृष्ठभाग आरशासारखा चकचकीत असेल तर पॅड भाजला आहे. मागचा घाट आठवा. एका चाकाचे दोन्ही पॅड संपलेले आणि दुसऱ्याचे दोन्ही जवळपास नवे, हे सगळ्यांत वाईट. तिथे प्रश्न असा पडतो की संपलेल्या बाजूचा ब्रेक सुटत नव्हता, की न संपलेल्या बाजूचा लागतच नव्हता? हे घरी सोडवत बसू नका, गाडी जाणत्या हाताकडे न्या. पण जाताना पॅड घेऊन जा.

पायाला यातलं काहीच कळत नाही, ही यातली खरी गोम आहे. पिस्टनभोवती चौकोनी छेदाचं एक रबरी कडं असतं. ब्रेक दाबला की पिस्टन पुढे जाताना ते कडं पीळ खातं. पाय उचलला की पीळ सुटतो आणि पिस्टनला केसभर मागे आणतो. पॅड झिजत जातो तसा पिस्टन कड्यातून थोडा पुढे घसरतो आणि तिथून पुन्हा तोच खेळ. डिस्क ब्रेक स्वतःला असा रोज जुळवून घेतो. म्हणून पॅड दहा मिलिमीटर असो की दोन, पेडल तिथेच लागतं. बऱ्याच पॅडना एक पत्र्याची जीभ असते. पॅड संपत आला की ती डिस्कला लागून किंचाळते. पण ती बहुधा दोनांपैकी एकाच पॅडला असते, आणि स्वस्तातल्या पॅडना तर नसतेच.

एक सुगावा मात्र बॉनेट उघडल्यावर मिळतो. पिस्टन पुढे सरकला की त्याच्यामागची रिकामी जागा ब्रेक ऑइल भरून काढतं, म्हणून टाकीतली पातळी हळूहळू उतरते. आपण काय करतो? 'कमी झालंय' म्हणून वरून ओततो. हा सुगावा आपल्याच हाताने पुसून टाकणं झालं. वर नवे पॅड बसवायला पिस्टन मागे ढकलला की तेच जास्तीचं ऑइल टाकीतून उतू जाऊन रंगावर सांडतं. रंग ते खाऊन टाकतं. सांडलंच तर लगेच भरपूर पाणी. त्याला ऑइल म्हणतात हाच मुळात घोटाळा आहे, ते तेल नव्हे. डॉट ३ आणि डॉट ४ हे ग्लायकोलवर आधारलेले द्रव आहेत, हवेतलं पाणी शोषतात. ताजं डॉट ३ निदान २०५ अंशांपर्यंत उकळत नाही. पाणी शिरलं की ती मर्यादा १४० पर्यंत येते. घाटात ते उकळलं की नळीत वाफ, आणि वाफ दाबली जाते, म्हणून पेडल थेट तळाला. या टाकीत खनिज तेलाचा थेंबही गेला तर आतली रबरं फुगून निकामी होतात. टाकीच्या झाकणावर जे लिहिलं असेल तेच.

पिस्टन ढकलायला जुना पॅड त्याच्या तोंडावर ठेवा आणि सी-क्लॅम्पने सावकाश आवळा. टाकीचं झाकण आधी उघडा, पातळी वर चढताना दिसली तर जुन्या सिरिंजने थोडं काढून घ्या. पिना पुसून, पॉलिश पेपरने गंज काढून, खास कॅलिपरसाठी मिळणारं सिलिकोनचं ग्रीस लावा. बेअरिंगचं नेहमीचं ग्रीस रबर खराब करतं. पिनेवर खड्डे पडले असतील तर पिन आणि टोपी नवीच घ्या, किंमत किरकोळ असते. पॅड आणायला जाताना जुना पॅड बरोबर न्या. मी पुण्यात नाना पेठेत गेलो तेव्हा दुकानदाराने वर्ष विचारून दोन वेगळे बॉक्स काढले आणि निर्णय माझ्या खिशातल्या पॅडवर झाला. डिस्कची कड बोटाने चाचपा. ओठासारखी उंच लागली, किंवा माझ्यासारखे लोखंडाने चर पडले असतील, तर डिस्कवर कोरलेली किमान जाडी वाचा. तेवढी उरत असेल तर लेथवर साफ करून मिळते. माझी उरत नव्हती. चौदा महिन्यांपूर्वी पिनेला बोटभर ग्रीस लागलं असतं तर हा डिस्कचा खर्च वाचला असता. डिस्क घ्यायची तर जोडीने, दोन्ही बाजूंची. पॅडही चारही.

सगळं बसलं, बोल्ट आवळले, चाक चढवलं, गाडी खाली. आता किल्लीला हात लावू नका. आधी ब्रेक पेडल दाबा. ते तळाला जाईल, पुन्हा दाबा, तिसऱ्या-चौथ्या वेळी कडक होईल. पिस्टन आपण मागे ढकलला होता, तो पॅडपर्यंत आलेला नसतो. हे विसरून गाडी मागे घेणाऱ्या माणसाची कंपाउंडची भिंत मी पाहिली आहे. त्याच्या नावाचा उल्लेख इथे होणार नाही, कारण तो हा स्तंभ वाचतो. पेडल कडक झाल्यावर टाकीतली पातळी बघा, झाकण लावा. दाबूनही पेडल मऊच राहिलं तर गाडी काढू नका, कुठेतरी हवा किंवा गळती आहे.

नवे पॅड पहिल्या दिवशी नीट पकडत नाहीत. रिकाम्या रस्त्यावर साठवरून विसापर्यंत, पूर्ण न थांबता, आठ-दहा वेळा मध्यम जोराने ब्रेक लावा, मध्ये गार व्हायला वेळ देत. थोडा जळका वास येईल, तो चालतो. पन्नास किलोमीटर फिरल्यावर चाकाचे नट पुन्हा आवळून घ्यायचे.

संध्याकाळी काका फाटकाशी आले. वर्तमानपत्रावरचा तो संपलेला पॅड त्यांनी उचलला, अंगठ्याने कड चाचपली, उलटा करून पाहिला. म्हणाले, "पुढचं कळलं. मागचे लायनर शेवटचे कधी बघितलेस?"

बघितले नव्हते. पुढच्या रविवारी ड्रम.