हृदय थांबतं, माणूस जगतो

हृदयाची झडप शस्त्रक्रियेनं बदलायची तर हृदय उघडावं लागतं. उघडायचं तर आत रक्त नको, धडधडही नको. मग तेवढा वेळ माणसाला जगवायचं कुणी? हार्ट-लंग मशीननं.

रक्त ढकलणं हे त्यातलं सोपं काम. फिरणारे रोलर नळी दाबत जातात आणि मिनिटाला चार-पाच लिटर रक्त पुढे सरकतं. खरी कसोटी फुप्फुसाच्या कामाची. १९३१ साली बॉस्टनमध्ये फुप्फुसाच्या रक्तवाहिनीत गुठळी अडकलेल्या एका रुग्णाजवळ रात्रभर बसलेल्या जॉन गिबन या तरुण डॉक्टरला या यंत्राची कल्पना सुचली. पुढे पत्नी मेरीसोबत त्यांनी मांजरांवर प्रयोग केले. त्यांच्या यंत्रात उभ्या जाळ्यांवरून रक्ताचा पातळ थर ओघळायचा आणि भोवतीचा ऑक्सिजन शोषून घ्यायचा. ६ मे १९५३ रोजी फिलाडेल्फियात त्यांनी १८ वर्षांच्या मुलीच्या हृदयातलं छिद्र बुजवलं. २६ मिनिटं तिच्या हृदयाचं आणि फुप्फुसांचं सगळं काम यंत्रानं केलं. मुलगी बरी झाली. बावीस वर्षांची चिकाटी ही!

आज जाळ्यांच्या जागी बारीक पोकळ तंतूंचं जुडगं असतं. तंतूंच्या आतून ऑक्सिजन, बाहेरून रक्त. रुग्णाकडून येणारी नळी काळपट लाल आणि परत जाणारी लालभडक. प्राणवायू मिसळतो म्हणजे काय, ते तिथं डोळ्यांना दिसतं.

पण प्लास्टिकला लागलं की रक्त गोठू पाहतं. ते गोठू नये म्हणून आधी हेपारिन देतात. ते डुकराच्या आतड्यातून काढतात. काम झालं की त्यावर उतारा प्रोटामिनचा, आणि ते मिळतं सामन माशाच्या शुक्राणूंतून! मला हे यंत्राइतकंच विलक्षण वाटतं.

मग महाधमनी चिमट्यानं बंद करून हृदयाच्या धमन्यांत पोटॅशियमचं थंड द्रावण सोडतात. ईसीजीची रेषा सपाट होते. टाके घालून झाले, महाधमनीवरचा चिमटा निघाला, की रक्त पुन्हा हृदयाच्या स्नायूत शिरतं, पोटॅशियम धुऊन नेतं. स्नायू थरथरतो आणि ठोका पडतो. कधी आपसूक, कधी विजेच्या छोट्या झटक्यानं.

हा सगळा वेळ यंत्रापाशी ते चालवणारा परफ्युजनिस्ट असतो. यंत्राच्या टाकीतली रक्ताची पातळी फार खाली गेली तर नळीतून हवा थेट मेंदूपर्यंत जाऊ शकते, म्हणून त्याची नजर तिथून हलत नाही. घरातल्या कुणाची अशी शस्त्रक्रिया झाली, तर सर्जनचे आभार मानाच, पण परफ्युजनिस्ट कोण होता तेही विचारा आणि त्यालाही भेटून या.